‘टीव्हीचा प्रभाव, सिनेमाची कला’ : सिनॉप्सिसमधलं एक खोडलेलं वाक्य

माझ्या पहिल्या सिनॉप्सिसच्या पहिल्याच पानावर एक वाक्य होतं : ‘टेलिव्हिजनचा समाजमनावर खोलवर प्रभाव पडतो, तर सिनेमा ही एक स्वतंत्र कला आहे.’ मला ते फार आवडलं होतं. गाईडनी त्याखाली लाल रेघ ओढली आणि समासात दोन प्रश्न लिहिले : ‘प्रभाव कुणी मोजला? कला कुणी ठरवली?’ सिनॉप्सिस परत आली. तेव्हा रागच आला होता. पुढची दोन वर्षं त्या दोन प्रश्नांमागे गेली, आणि आता वाटतं, बरं झालं.

तुमच्यापैकी बरेच जण पेट-नेटची तयारी करताय, विषय शोधताय. मराठी, समाजशास्त्र, माध्यमविद्या, कुठल्याही विभागात जा, हे वाक्य कुठल्या ना कुठल्या रूपात तुमच्याही प्रस्तावात येणार आहे. म्हणून आज तेच उकलून बघू.

किल्ला आणि सेट

मी विरारची. आमच्या पट्ट्यात दोन्ही माध्यमं डोळ्यांसमोर तयार होतात. नायगाव पूर्वेला मालिकांचे सेट आहेत. सकाळी स्टेशनबाहेर रिक्षाच्या रांगेत हातात कपड्यांची बॅग घेतलेले ज्युनिअर आर्टिस्ट दिसतात. वसईच्या किल्ल्यात प्री-वेडिंगवाले तर रोजचेच, पण अधूनमधून सिनेमाचं युनिटही येतं. आणि उत्तरेकडे पालघर जिल्हा संपला की लगेच गुजरातमधलं उंबरगाव. १९८७-८८ साली रविवारी सकाळी ज्या ‘रामायण’साठी रस्ते ओस पडायचे, त्या रामानंद सागरांच्या मालिकेचं चित्रीकरण तिथेच झालं.

आता लोक बोलतात कसं ते ऐका. ‘किल्ल्यात पिक्चरचं शूटिंग लागलंय’ हे सांगताना आवाज चढतो. ‘नायगावला सिरीयलचं काहीतरी चालू आहे’ हे सांगताना नाही. माझं ते खोडलेलं वाक्य याच आवाजातून आलं होतं. मी त्याला फक्त पुस्तकी कपडे घातले होते.

कला कुणी ठरवली?

दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करू, कारण त्याचं उत्तर इतिहासात सापडतं.

३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. त्यात तारामतीची भूमिका साळुंके नावाच्या तरुणाने केली, कारण फाळक्यांना पडद्यावर यायला तयार असलेली एकही बाई मिळाली नाही. सिनेमाची प्रतिष्ठा तेव्हा एवढीच होती. १९३७ साली ‘प्रभात’चा ‘कुंकू’ आला. म्हाताऱ्या बिजवराशी फसवून लग्न लावलेली नीरा त्याला नवरा मानायलाच नकार देते. शांता आपटे आणि केशवराव दाते यांचं ते काम आज आपण अभ्यासक्रमात वाचतो. पुढे १९६० साली पुण्यात ‘प्रभात’च्याच जागेवर फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आलं. म्हणजे सिनेमा शिकायची जागा झाली, जपायची जागा झाली, आणि मग त्याच्याकडे कला म्हणून बघणारे विद्यार्थी, समीक्षक, फिल्म सोसायट्या यांना पाय रोवायला जागा मिळाली. फाळक्यांपासून इथवर यायला पन्नास वर्षं लागली.

टीव्हीचं काय झालं? मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. १९७४ साली पुण्याच्या त्याच संस्थेला टेलिव्हिजनचा विभाग जोडला गेला आणि नावात ‘टेलिव्हिजन’ हा शब्द आला. तरी संशोधकाची अडचण कायम आहे. तुम्हाला ‘कुंकू’वर काम करायचं असेल तर तो पुन्हा लावून बघता येतो, थांबवता येतो, एकेक शॉट मोजता येतो. खाजगी वाहिनीवर वीस वर्षांपूर्वी रोज लागणाऱ्या मालिकेचे सगळे भाग एका जागी बसून बघता येतील असं सार्वजनिक ठिकाण नाही. यूट्यूबवर जे सापडेल ते तुकड्यातुकड्यांत.

रेमंड विल्यम्सचं टेलिव्हिजनवरचं पुस्तकही योगायोगाने १९७४ चंच. त्यात त्याने ‘फ्लो’ म्हणजे प्रवाह ही कल्पना मांडली : टीव्हीवर आपण एक कार्यक्रम बघत नाही, कार्यक्रम, जाहिरात, पुढच्याची झलक, पुन्हा कार्यक्रम असा सलग प्रवाह बघतो. कल्पना उपयोगी आहे, पण तिचा एक तोटा आपल्या लक्षात येत नाही. एखादी गोष्ट प्रवाह म्हटली की तिच्यातला एक प्रसंग बाहेर काढून नीट वाचायची सवय आपल्याला लागत नाही. पुन्हा बघता येतं त्याची आपण समीक्षा करतो. वाहून जातं त्याचा फक्त ‘परिणाम’ मोजतो. ही वाटणी त्या दोन माध्यमांनी केलेली नाही. आपण वापरलेल्या साधनांनी केली आहे.

प्रभाव कुणी मोजला?

आता पहिला प्रश्न. इथे मला सगळ्यात जास्त मदत एका सिनेमानेच केली.

चैतन्य ताम्हाणेचा ‘कोर्ट’ तुम्ही पाहिला असेल. २०१४ साली व्हेनिसमध्ये ओरिझोंती विभागात तो सर्वोत्तम ठरला, त्याच वर्षासाठीचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही त्याला मिळाला. त्याचं कथानक संशोधन पद्धतीच्या चौकटीत टाकून बघा. नारायण कांबळे या लोकशाहिरावर आरोप आहे की त्याचं गाणं ऐकून एका सफाई कामगाराने मॅनहोलमध्ये जीव दिला. थोडक्यात, कलाकृतीचा प्रेक्षकावर प्रभाव पडला आणि तो सरकारी पक्षाने सिद्ध करायचा आहे. मग त्या कामगाराच्या बायकोची साक्ष होते. तिच्या बोलण्यातून हळूहळू कळतं की आत उतरताना अंगावर सुरक्षेचं काहीच नसायचं, वास सहन व्हावा म्हणून तो दारू प्यायचा, गॅसमुळे त्याचा एक डोळाही गेला होता. आत विषारी हवा आहे का हे कळावं म्हणून तो खडा टाकायचा आणि झुरळं बाहेर येतात का ते बघायचा.

गाण्याचा ‘प्रभाव’ सिद्ध करण्याच्या नादात समोरचं खरं कारण कसं झाकलं जातं, हे मी कुठल्याही रिसर्च मेथडॉलॉजीच्या पुस्तकात इतकं स्पष्ट वाचलेलं नाही. ‘मालिकांमुळे घरं मोडतात’ असं लिहिण्याआधी तो साक्षीचा प्रसंग एकदा बघा. आपण सरकारी वकिलाच्या बाजूने तर उभे नाही ना, हे तपासायला.

मग प्रभावाचा अभ्यास करायचाच नाही? करायचा, पण कारण आणि योगायोग वेगळे करण्याची काहीतरी युक्ती लागते. रॉबर्ट जेन्सन आणि एमिली ऑस्टर यांचा २००९ चा अभ्यास याचं चांगलं उदाहरण आहे. बिहार, गोवा, हरियाणा, तामिळनाडू आणि दिल्ली इथल्या घरांची २००१ ते २००३ या काळात पुन्हा पुन्हा पाहणी झाली होती. त्या दरम्यान काही गावांत केबल नव्याने आली, काहींत आली नाही. दोघांची तुलना करून त्यांनी दाखवलं की केबल आली तिथे नवऱ्याने मारणं योग्य मानणाऱ्या बायकांचं प्रमाण घटलं, मुलगाच हवा ही इच्छा कमी झाली. युक्ती छान आहे. मर्यादाही लक्षात घ्या : बायकांनी पाहणीत काय सांगितलं ते यात कळतं, केबल आल्याचं कळतं, पण कुठल्या मालिकेतलं काय पाहून काय बदललं हे कळत नाही. ते कळण्यासाठी माणसांजवळ बसावं लागतं. कर्क जॉन्सनने ते सह्याद्रीतल्या दोन गावांत राहून केलं, त्याचं पुस्तक २००० साली आलं. इयन आंगने तर नेदरलँड्समध्ये ‘डल्लास’ या मालिकेबद्दल महिलांच्या एका नियतकालिकात छोटी जाहिरात दिली, उत्तरादाखल आलेली ४२ पत्रं वाचली आणि त्यावर अख्खं पुस्तक उभं केलं. ४२ हा आकडा लहान वाटतो ना? तिने ती पत्रं कवितेइतक्या बारकाईने वाचली.

आणि टीआरपी? निवडक घरांत मीटर बसवून टीव्ही काय लावलाय हे त्यात मोजतात. लावलेला टीव्ही आणि बघितलेला टीव्ही यांत किती फरक असतो, हे ज्याच्या घरी संध्याकाळी चपात्या लाटत मालिका ‘बघतात’ त्याला सांगायला नको.

साधनं बदलून बघितली तर

आपण सिनेमाचं बारकाईने वाचन करतो आणि टीव्हीचा सर्व्हे करतो. उलट केलं तर? मी माझ्यापुरतं करून बघितलं. त्यासाठी एक मालिका निवडली : ‘आई कुठे काय करते!’ डिसेंबर २०१९ ते नोव्हेंबर २०२४, स्टार प्रवाह. मूळ कथा बंगाली ‘श्रीमोयी’ची. हिंदीत त्याचीच ‘अनुपमा’ झाली. अरुंधती देशमुख ही गृहिणी, नवरा अनिरुद्ध, त्याचे ऑफिसमधल्या संजनाशी असलेले संबंध, मग घटस्फोट, अरुंधतीचं गाणं, दुसरं लग्न.

भाग थांबवत थांबवत, वही घेऊन बघायला लागल्यावर पहिली गोष्ट कळली ती ही, की मालिका कानासाठी लिहिलेली असते. घडलेली गोष्ट कोणीतरी बोलून दाखवतं, मग दुसरं कोणी तीच पुन्हा बोलतं. धक्का बसणार असेल तर आधी संगीत सांगतं. मग खोलीतल्या प्रत्येकाचा चेहरा एकेक करून दिसतो. सिनेमाच्या मापाने हा फापटपसारा आहे. पण बघणारी बाई ओट्याकडे तोंड करून उभी आहे, टीव्हीकडे तिची पाठ आहे, असं धरून चाला. मग त्या पुनरुक्तीला कारण सापडतं. धक्क्याचं संगीत वाजलं की ती मान वळवते, आणि तोवर चेहरे दाखवणं चालूच असतं.

याच्यासमोर ‘कोर्ट’ ठेवा. तिथे कॅमेरा मागे, लांब, स्थिर उभा असतो. कोणाचाही चेहरा तुमच्यासाठी निवडून दिला जात नाही. सरकारी वकील नूतन (गीतांजली कुलकर्णी) कोर्टातून निघते, लोकलमध्ये शेजारच्या बाईशी खायच्या तेलाबद्दल बोलते, घरी येऊन स्वयंपाक करते, वाढते. मध्ये कोणी काही समजावून सांगत नाही. दिवसभर शाहिराला तुरुंगात ठेवण्यासाठी भांडणारी ही बाई आपल्या डब्यातलीच आहे, हे आपल्याला आपणच कळतं. त्यासाठी अंधार आणि जवळपास दोन तासांचं अखंड लक्ष लागतं. चपात्या लाटत ‘कोर्ट’ बघून दाखवा.

नूतन आणि अरुंधती, दोघी मध्यमवर्गीय मराठी बायका, दोघींवर घराचा भार. नूतनसमोर मी दोन तास बसले. अरुंधती आमच्या घरात जवळपास पाच वर्षं होती. या काळात लॉकडाऊन आला आणि गेला, आमच्या बिल्डिंगमध्ये दोन लग्नं झाली, आई रिटायर झाली. रिटायर होण्याआधी साडेसातची वेळ तिला कधी गाठता यायची नाही. मग विरार लोकलच्या लेडीज डब्यात, अंधेरीच्या पुढे कुठेतरी, कोणाच्या तरी मोबाईलवर तीन-चार जणी मिळून आदल्या दिवशीचा भाग बघायच्या.

प्रेक्षकांच्या बाबतीत मला जे सापडलं ते सर्व्हेत सापडलं नसतं. अरुंधती घर सोडून जाते त्या दिवसांत आमच्या मजल्यावर भांडण जुंपलं. एक काकू म्हणाल्या, ‘काही झालं तरी बाईने घर सोडू नये.’ आई एरवी वादात पडत नाही. त्या दिवशी म्हणाली, ‘अहो, सोडलं तेव्हाच तिची किंमत कळली ना त्यांना?’ पंधरा मिनिटं वाद चालला. सगळ्यांना माहीत होतं की बोलणं अरुंधतीबद्दल नाही. बिल्डिंगमधल्याच एकीबद्दल होतं, जी महिन्याभरापूर्वी माहेरी निघून गेली होती आणि जिचं नाव जिन्यात कोणी घेत नव्हतं. मालिकेमुळे कोणाचं मत बदललं का? माझ्याकडे पुरावा नाही. पण ज्या गोष्टीवर तोंड उघडता येत नव्हतं, तिच्यावर बोलायला मालिकेने एक नाव दिलं. प्रभाव शब्दाऐवजी मी आता माझ्या प्रबंधात हे लिहिते : मालिका बोलायला आडोसा देते.

आता सिनेमाचा ‘सर्व्हे’ करा. ‘सैराट’ (२०१६) घ्या. विरार-नालासोपाऱ्यात हळदीला ‘झिंगाट’ वाजल्याशिवाय डीजे बंद होत नाही. ज्या सिनेमाचा शेवट तान्ह्या मुलाच्या रक्ताने माखलेल्या पावलांवर, आवाज पूर्ण काढून घेऊन होतो, त्याचं गाणं लग्नाच्या मांडवात वाजतं. मांडवात किती जणांना तो शेवट आठवत असेल? म्हणजे सिनेमाचाही प्रभाव पडतो, अफाट पडतो, पण अख्खा सिनेमा पोचत नाही. त्याचे तुकडे होतात आणि ज्याला जो तुकडा सोसवतो तो घरी जातो. यात टीव्हीचाही हात आहे. ‘अशी ही बनवाबनवी’ (१९८८) माझ्या पिढीने थिएटरात पाहिलाच नाही. टीव्हीवर पुन्हा पुन्हा लागून त्यातले संवाद आमच्या बोलण्यात शिरले.

मग डावं-उजवं करायचं नाही?

इथे एक सोपी पळवाट दिसते : ‘दोन्ही आपापल्या जागी श्रेष्ठ.’ ती घेऊ नका. समीक्षा करायची म्हणजे मत द्यावं लागतं.

माझं मत असं : कलाकृती म्हणून ‘कोर्ट’ फार वरचा आहे, आणि ‘आई कुठे काय करते!’ अर्ध्या वाटेत कच खाते. पण ती कच पुनरुक्तीत किंवा बटबटीत संगीतात नाही. ती सगळी त्या माध्यमाची कारागिरी आहे, चांगली-वाईट तपासता येते. कच आहे ती सोडून जाण्यात. अरुंधतीचा घटस्फोट होतो, दुसरं लग्न होतं, तरी कथा तिला पुन्हा पुन्हा देशमुखांच्या त्याच ‘समृद्धी’ बंगल्यात, त्याच माणसांच्या प्रश्नांपाशी आणते. कारण रोजची मालिका संपू शकत नाही, आणि बंगल्याचा सेट उभा आहे. घर सोडल्यावर बाईचं आयुष्य कसं असतं, भाडं कोण भरतं, एकटीने जेवताना काय वाटतं, हे दाखवायला पाच वर्षं हाताशी होती. ‘कुंकू’ने तेवढ्यासाठी फक्त काही रिळं वापरली, आणि नीरा आज जवळपास नव्वद वर्षांनंतरही नकार देऊन उभी आहे.

पण हा दोष मला दिसला तो मालिका वाचायला घेतल्यावर. आधी मी ‘टीव्ही म्हणजे प्रभाव’ म्हणून मोकळी झाले होते. त्या वाक्यात सौजन्य दिसतं, पण आत तुच्छता आहे : बायका ओट्यापाशी उभ्या राहून जे बघतात त्याला समीक्षा कशाला, त्याचे आकडे काढा. आईला पाच वर्षं रोज जे दिसलं ते नीट झालंय की नाही, हे विचारायलासुद्धा मी तयार नव्हते. आई मात्र विचारत होती. शेवटच्या वर्षात तीच एकदा म्हणाली, ‘आता उगाच वाढवतायत गं.’

तुमच्या प्रस्तावासाठी

सिनॉप्सिस लिहायला बसाल तेव्हा तीन गोष्टी करून बघा.

एक, ‘प्रभाव’ हा शब्द लिहिलात की लगेच पुढे लिहा : कशाचा, कुणावर, किती काळात, आणि दुसरं कुठलं कारण असू शकतं. चौथ्या प्रश्नाला उत्तर नसेल तर शब्द बदला. ‘वापर’, ‘चर्चा’, ‘आठवण’ हे शब्द लहान आहेत, पण त्यांचा पुरावा गोळा करता येतो.

दोन, विषय सिनेमाचा असेल तर किमान पाच प्रेक्षकांशी बोला, मालिकेचा असेल तर किमान पाच भाग शॉटनुसार उतरवून काढा. कंटाळा येईल. पण तोवर तुमचं मत फक्त ऐकीव असतं.

तीन, घरात मालिका चालू असताना टीव्हीकडे पाठ करून खोलीकडे बघा. कोण कधी मान वळवतं, कोण कोणाच्या नावाने कोणाबद्दल बोलतं, तारीख घालून लिहून ठेवा. ज्यांच्याबद्दल लिहाल त्यांची परवानगी घ्या, नावं बदला. जिन्यात ज्यांचं नाव घेतलं जात नाही त्यांच्याबद्दल तर दुप्पट जपून लिहा.

ते खोडलेलं वाक्य नंतर मी असं लिहिलं : ‘मराठी मालिका आणि मराठी सिनेमा यांतल्या घर सोडणाऱ्या स्त्रीचं चित्रण, आणि विरारमधल्या काही घरांत त्याबद्दल होणारं बोलणं, यांचा हा अभ्यास आहे.’ दिसायला साधं आहे, पहिल्यासारखं घुमत नाही. गाईडनी यावेळी ‘विरारमधल्या काही घरांत’ याखाली रेघ ओढली आणि विचारलं, ‘किती?’

म्हणून आता दारोदार फिरते आहे.